चेंचोच्या दोन थापा

चेंचो मोरेताने आयुष्यभर बेसबॉलच्या डाव्या मैदानात उभं राहून लोकांना फसवलं, आणि त्याबद्दल पुएर्तो सेको गावाने त्याच्यावर जीव ओवाळून टाकला.

त्याची करामत साधी होती. चेंडू डोक्यावरून कुंपणाकडे चालला, हाती लागणार नाही हे कळलं, की हा पठ्ठ्या पळायचाच नाही. झेल अगदी पदरात पडतोय अशा थाटात तोंड वर करून निवांत उभा राहायचा. बेसवरचा धावणारा बिचकायचा. झेल घेतला गेला आणि आपण बेसवर परतायच्या आत चेंडू तिथे पोहोचला तर आपणही बाद, म्हणून बिचारा मागे फिरायचा. तेवढ्यात चेंडू कुंपणावर आपटून परत यायचा आणि चेंचो तो उचलून फेकायचा. चेहऱ्यावरची माशी हलायची नाही.

सतराव्या वर्षी त्याला अमेरिकेत नेलं. तिथल्या आडगावांतून बसने हिंडण्यात त्याची उमेदीची वर्षं गेली. मोठ्या लीगमध्ये अर्धा उन्हाळा मिळाला, तोही बहुतेक बाकावर. मग उन्हाळ्यात मेक्सिको आणि हिवाळ्यात 'खेकडे' नावाचा घरचा संघ. गावाला तेवढं पुरे होतं. त्याची आई, डोन्या क्रूसिता, डाव्या कुंपणामागे यानिकेके तळायची. कणकेची ही मोठी कुरकुरीत पुरी घेतल्याशिवाय त्या बाजूला कोणी बसत नसे.

त्याचं बिंग तिलाच पहिल्यांदा कळलं होतं. झेल खरा असेल तर चेंचो नकळत ग्लोव्हवर दोन थापा मारायचा. पुठ्ठ्याचा ग्लोव्ह घालून गल्लीत खेळायचा तेव्हापासूनची खोड ती. नाटक असेल तेव्हा हात गप्प. हळूहळू हे गावभर झालं, पण गावाबाहेर कोणी चकार शब्द काढला नाही.

आता चेंचोचं वय झालं होतं आणि गुडघा भोपळ्याएवढा सुजायचा. राजधानीच्या संघाशी घरच्या मैदानावरचा मोसमातला शेवटचा सामना होता. प्रशिक्षक डॉन तुतोने त्याला बाजूला घेतलं.

"पहिला चेंडू सुटला की तुला आत बोलावणार. वाईट वाटून घेऊ नकोस."

"सगळ्यांसमोर? अर्ध्या सामन्यातून?"

"मग सोडू नकोस ना."

चेंचोला खेळ सोडायचं दुःख नव्हतं. पण आपल्या माणसांसमोर मान खाली घालून, लंगडत, हाकलल्यासारखं चालत यायचं, ही कल्पनाच त्याला सहन होईना. बाहेर पडायचं तर आपल्या पायांनी, आपल्या मर्जीने.

तो कुंपणापाशी आला तर आई कढईकडे न बघता पुरी लाटत होती. काहीतरी बिनसलंय हे त्याने ओळखलं.

"बोल आता."

"तो राडामेस आहे ना, राजधानीकडून खेळतो तो," ती म्हणाली. "आपल्याकडे होता तेव्हा रोज इथे येऊन खायचा. मला वाटलं, तुझ्या मावशीच्या पोरीशी जमतंय. घरचाच म्हणून..."

"थापांचं सांगितलंस?"

"जीभ झडो माझी."

"झडू दे. पण आधी एक पुरी दे."

सामनाभर चेंचोकडे सोपेच झेल आले. प्रत्येक वेळी दोन थापा, प्रत्येक वेळी झेल. शेवटच्या डावात खेकडे एका धावेने पुढे होते. राजधानीचा एक गडी बाद, आणि पहिल्या बेसवर नेमका राडामेस.

फटका डावीकडे उंच गेला. चेंचो कुंपणाकडे वळला. गुडघ्यातून कळ गेली तरी तो पोहोचला, थांबला, तोंड वर करून निवांत उभा राहिला. हात गप्प होते.

डाव्या बाजूच्या लोकांनी त्याचे हात पाहिले. थापा नाहीत, म्हणजे चेंडू डोक्यावरून जाणार. कोणीतरी कपाळाला हात लावला. डोन्या क्रूसिताच्या झाऱ्यातली पुरी परत कढईत पडली.

राडामेसनेही ते पाहिलं. त्याचा प्रशिक्षक "थांब, गाढवा, थांब" म्हणून घसा फोडत होता. पण राडामेसला आतली बातमी होती. तो सुसाट सुटला, दुसरा बेस ओलांडून तिसऱ्याकडे निघाला.

चेंडू अलगद चेंचोच्या ग्लोव्हमध्ये उतरला. त्याच्या उजव्या हाताने पँट इतकी घट्ट धरली होती की सोडवायला क्षणभर लागला. मग त्याने चेंडू पहिल्या बेसकडे फेकला. राडामेस मैदानाच्या दुसऱ्या टोकाला होता. तोही बाद. तीन गडी झाले, सामना संपला.

लोक कुंपणावरून उड्या टाकून आले. डॉन तुतोने तिथेच, कुंपणापाशी, चेंचोला मिठी मारली. "पुढच्या हिवाळ्यात यायचंच, म्हाताऱ्या. जागा तुझी."

"येईन की," चेंचो हसून म्हणाला.

गर्दी पांगल्यावर तो आईच्या गाड्यापाशी येऊन बसला. तिने त्याच्यापुढे गरम पुरी ठेवली.

"तुतोला खोटं सांगितलंस," ती म्हणाली. "तू येणार नाहीस."

"कशावरून?"

"हात हलला नाही तुझा."

"आज झेललं तेव्हाही नव्हता हलला. झेल तर खराच होता."

"ते त्या राडामेससाठी. आईसमोर नाटक नको. नीट सांग."

चेंचोने मैदानाकडे पाहिलं. त्याचे डोळे भरून आले होते आणि ते लपवायचा त्याने प्रयत्नही केला नाही. मग त्याने ग्लोव्ह पिठाच्या परातीशेजारी ठेवला.

"उद्यापासून कणीक मी मळतो," तो म्हणाला, आणि ग्लोव्हवर दोन थापा मारल्या.