ज्या घराला मी रिकामं म्हटलं

त्या घरासमोर ‘रिकामं’ अशी नोंद मीच केली.

अमेरिकेत नवाहो आदिवासींच्या जमिनीवरून विजेची मोठी लाइन जाणार होती. उपग्रहाच्या फोटोंवरून तिच्या वाटेतली घरं नोंदवायचं काम सिंगापूरच्या आमच्या ऑफिसकडे आलं. तिथल्याच वुडलँड्स भागातल्या माझ्या फ्लॅटमध्ये बसून मी घरं उरकत होतो. फोटो ऐन थंडीतले. मातीचं एक गोलसर घर, शेजारी मेंढवाडा, बर्फावर एकही पाऊल नाही. रिकाम्या घरावरून लाइन नेता येत होती. मी नोंद केली आणि पुढचं घर घेतलं.

बंद घर म्हणजे रिकामं घर नव्हे, हे मला तरी कळायला हवं होतं. माझं गाव फलटणकडचं. दिवाळीनंतर आमच्याकडचे धनगर मेंढरं घेऊन कोकणात उतरत, ते पावसाच्या तोंडावर परतत. तोवर त्यांची घरं बंद असत. ती ओसाड आहेत असं कुणाच्या मनातही येत नसे.

काही महिन्यांनी हरकती ऐकायला ऑनलाइन बैठक झाली. एक म्हातारी तिच्या भाषेत बोलत होती, नात इंग्रजीत सांगत होती.

“हे आजीचं उन्हाळ्याचं घर. थंडीत आम्ही मेंढ्या घेऊन खाली उतरतो. तिची नाळ त्या मेंढवाड्याजवळ पुरलीय.” म्हातारी मधेच काही बोलली. नात हसली. “आजी विचारतेय, हे लिहिणारा कामावर गेला की त्याचं घर कुणाचं असतं?”

सगळे हसले. मीही हसलो.

माझा मॅनेजर पुण्याचा, जुना मित्र. त्याचा मेसेज आला, ‘म्यूट राहा रे बाबा. हे एक बदललं तर सगळी घरं पुन्हा बघावी लागतील.’

मी म्यूट राहिलो. माझ्या एम्प्लॉयमेंट पासची, म्हणजे इथल्या नोकरीच्या परवान्याची, मुदत संपत आली होती, हे कारण मी बरेच दिवस स्वतःला देत होतो.

चूक माझी होती असं लिहून मी नोंद दुरुस्त केली, तोवर पुढची थंडी आली होती. नातीलाही कळवलं. लाइनचा निर्णय अजून लागलेला नाही.

तिचं उत्तर आलं. ‘आजीला वाचून दाखवलं. लिहिलंत ते बरं केलंत, म्हणाली. पण यंदा ती खाली उतरली नाही. मेंढ्या मावशीने नेल्या. घर पुन्हा कुणी रिकामं म्हणू नये म्हणून ती वर एकटीच राहिलीय. आम्ही लाकडं पोचवतो, रस्ता उघडा असला तर.’

तिला खाली न्या, असं मी दोनदा लिहून खोडलं. कशाच्या भरवशावर न्या म्हणू, ते मला सांगता येत नाही.