सुपातले तांदूळ

नव्या तांदळाचा वास आला की मला तुमच्या आईचं लग्न आठवतं. जवाहरनगरच्या क्वार्टरमध्ये बसून मी सहा महिने आधीच मांडव, स्वयंपाक, वाढपी सगळं एका ठेकेदाराकडे सोपवलं होतं. लग्नाला आठ दिवस असताना माझी थोरली नणंद अड्याळहून चार बायका घेऊन आली, प्रत्येकीच्या काखेत सूप. आमच्याकडे लग्नाचे तांदूळ निवडायला पहिला हात नवरीच्या आत्याचा लागतो. "वहिनी, काढ नं तांदूळ. अर्धं गाव संग घेऊन आली मी," ती म्हणाली. मी म्हटलं, "ताई, ठेकेदार निवडलेलेच आणतो. तुम्ही निवांत बसा, चहा घ्या." "मंग मी कायले आली? आत्याले पाहुणीच करून टाकलं का वं तू?" बायका हसल्या, मीही हसले. घरातले दोन पायली तांदूळ तिच्यापुढे ठेवावेत, एवढं मला सुचलं नाही. चहा पिऊन त्या दुपारच्या बसने परत गेल्या. लग्नात ती वेळेवर आली, पाहुण्यांच्या खुर्चीत बसली, आहेर देऊन, जेवून गेली. आता तुम्ही फोनवर विचारता, घरातल्या लग्नाची तयारी कधीपासून करावी, माणसं लावावीत का. लवकर सुरू करा, माणसंही लावा. मी तेच केलं होतं, आणि लग्नात कशाचीही उणीव पडली नाही. फक्त माझी नणंद त्यानंतर आमच्या घरी बोलावल्याशिवाय कधी आली नाही.