डाव्या हाताचा गणपती

ज्या वर्षी ह्यांची वाचा गेली, त्या वर्षी मीही देवाशी बोलणं सोडलं होतं. दिवा लावायचे, पण सवयीनं. हात जोडले की मनात प्रार्थनेऐवजी तक्रार यायची. अर्धांगवायूच्या झटक्यात ह्यांचा उजवा हात लुळा पडला आणि बोलणं पार थांबलं. डॉक्टर म्हणाले, व्यायाम करवून घ्या, पण त्यांना स्वतःला उभारी हवी. ती कुठून आणायची ते काही त्यांनी सांगितलं नाही. हे ताटाकडे पाठ फिरवायचे, व्यायाम घेणारा मुलगा आला की डोळे मिटून घ्यायचे. रोज थोडे थोडे हातातून निसटत होते आणि मी नुसती बघत होते.

छत्तीसगढातल्या आमच्या मोहल्ल्यात, बूढापाऱ्यात, ह्यांना सगळे ओळखायचे ते बोलण्यामुळेच. रेल्वेच्या ऑफिसातून निवृत्त झाल्यावर आमच्या छोट्या मराठी वाचनालयाच्या दारातला फळा ह्यांनी आपल्या ताब्यात घेतला. कुतूहल, कल्पनाशक्ती, नवं घडवण्याची धडपड यांविषयी जगातल्या थोर विचारवंतांनी काय काय सांगून ठेवलंय, ते रोज सकाळी वळणदार अक्षरात लिहायचं आणि येणाऱ्याजाणाऱ्याला थांबवून समजावायचं. भाजी घ्यायला निघालेली माणसंही तावडीतून सुटत नसत. मी चिडवायचे, "लोकाइचं किती लिहिता, तुमचं काई लिहा न." हे हसायचे. "विचार करून राहिलो न," म्हणायचे. तो विचार काही संपला नाही.

स्वतःच्या हातानं हे एकच गोष्ट घडवायचे, घरचा गणपती. पण तोही सासऱ्यांनी घालून दिला तसाच. मांडी घातलेला, समोर बघणारा, डाव्या सोंडेचा. एकदा माती मळता मळता म्हणाले होते, वाकून उंदराकडे बघणारा गणपती करावासा वाटतो, जणू त्याला काही विचारतोय. मग स्वतःच म्हणाले, "पुढल्या वर्षी पाहू. देवाच्या कामात भलतं नको." मलाही ते पटलं. असे कितीतरी गणपती आले आणि गेले. कुणी अडवलं नव्हतं हो. नवं काही करून बघा असं रोज फळ्यावर लिहिणारा माणूस आणि त्याची बायको, दोघांनाही वाटत राहिलं की वेळ आहे. त्याची हळहळ आजही जात नाही.

पोळा आला, म्हणजे गणपती दारातच. आमचा मुलगा म्हणाला, "आई, इस बार मूर्ति बाज़ार से ले आते हैं." दुसरं करणार तरी काय? उजवा हात नाही, आणि डाव्या हातानं देवाचं काही करायचं नाही, हे आमच्या हाडीमाशी भिनलेलं. डाव्या हातावर प्रसाद घेतला म्हणून मी लहानपणी चांगला मार खाल्लाय. त्यामुळे ह्यांच्यापुढे माती ठेवावी हे कुणाच्या मनातसुद्धा आलं नाही.

पोळ्याच्या दिवशी ह्यांना डॉक्टरकडे दाखवून परत येत होतो. बूढा तलावाजवळ मुलगा गाडी आणायला गेला आणि मी ह्यांना रस्त्याकडेच्या एका स्टुलावर बसवलं. शेजारी एक छत्तीसगढी बाई पोळ्याचे मातीचे बैल विकत बसली होती. विकता विकता ओल्या मातीचे आणखी बैल वळत होती. मांडीवरचं लेकरू एकाएकी रडायला लागलं. तिनं त्याला छातीशी घेतलं आणि हातातला अर्धवट बैल सरळ ह्यांच्या डाव्या हातात ठेवला. "बबा, थोकिन एकर सींग ला बना दे." बाबा, जरा ह्याची शिंगं करून द्या, म्हणाली.

मी सांगायला पुढे झाले की बाई, ह्यांना जमत नाही. पण तिचं लक्षच नव्हतं. हे आजारी आहेत हे तिला दिसलंच नसावं. तिच्या लेखी शेजारी एक रिकामा बसलेला माणूस होता, बस. हे त्या बैलाकडे बघत राहिले. मग बैल गुडघ्यांच्या बेचक्यात धरला आणि डाव्या हाताची बोटं हळूहळू चालायला लागली. शिंगं वेडीवाकडी झाली, पण हे तिथं थांबले नाहीत. बैलाची मान धरून त्यांनी ती मागे वळवली. बाईनं बघितलं आणि हसत विचारलं, हा बघतोय तरी कुणाकडे. "ए ह कोन ला देखत हे, बबा?" आणि हे हसले. झटका आल्यापासून पहिल्यांदा. मी भर रस्त्यात पदर तोंडाला लावून रडले.

घरी आल्यावर ह्यांनी जिन्याखालच्या गणपतीच्या मातीच्या घमेल्याकडे बोट दाखवलं. डाव्या हाताचं मनात आलं, तरी माती मी भिजवून दिली. डाव्या हातानं, थकत, थांबत, ह्यांनी गणपती केला. वाकून उंदराकडे बघणारा. एक कान मोठा, एक बारका. सोंड डावा हात ओढेल तशी उजवीकडे वळली, म्हणजे पुन्हा पंचाईत. उजव्या सोंडेच्या गणपतीचं सोवळं फार कडक. मी गुरुजींना फोन लावला आणि सगळं सांगून टाकलं. ते म्हणाले, "काकू, देवालेच असं यायचं होतं समजा. जमन तेवढं सोवळं पाळा अन् बसवा." बसवला. ते दहा दिवस हे पोटभर जेवले, व्यायामाला स्वतःहून हात पुढे केला. मीही देवाशी पुन्हा बोलू लागले.

अनंत चतुर्दशीला अंगणात पाण्याची बादली भरून ठेवली आणि माझा धीर सुटला. आयुष्यभरात ह्यांनी स्वतःच्या मनातून घडवलेली ही एकच वस्तू, तीही पाण्यात घालायची? मी म्हटलं, "अहो, हा राहू द्या घरात. सुपारीचं विसर्जन करू." ह्यांनी माझ्याकडे बघितलं. ओठ हलले, घशातून खरखर आली आणि शब्द फुटला. "काहून?" का, एवढंच.

इतक्या महिन्यांनी फुटलेला तो पहिला शब्द. ह्यांनी डाव्या हातानं मूर्ती उचलली, मी खालून हात दिला, आणि ती पाण्यात विरघळेपर्यंत हे शांतपणे बघत बसले.

थंडीत दुसरा झटका आला आणि हे गेले. त्यानंतरच्या पोळ्याला मी त्या बाईला तलावाभोवती खूप शोधलं, ती दिसली नाही. तिला पाठवणाऱ्याचे उपकार मात्र मी विसरणार नाही. हे रिकाम्या हातानं गेले असते, ते गेले नाहीत. फक्त एवढा उशीर का झाला, हे मनातून जात नाही.

त्या "काहून"चं उत्तर तेव्हाही मला ठाऊक होतं. गणपती नव्हता ठेवून घ्यायचा मला, ह्यांना ठेवून घ्यायचं होतं. तेवढं सांगायचं राहून गेलं. आता देवापुढे बसले की सांगते, आणि मग ह्यांना, ज्याचे होते त्याच्या हाती सोडते. रोज सोडावं लागतं.