पुंडलिकरावांचं ऊन

सौंसरच्या श्रीधर फोटोवाल्याला लोक अर्धवट समजत, आणि त्यात त्यांची फारशी चूक नव्हती. नागपूरहून त्यानं चावीचा सिनेमा-कॅमेरा आणला, तोही लग्नं टिपायला नव्हे, भिंती टिपायला! छप्पन साली राज्यांची फेररचना झाली. नागपूर मुंबई राज्यात गेलं, सौंसर मध्य प्रदेशातच राहिलं आणि राजधानी नागपूरहून एकदम भोपाळला गेली. जागचं न हलता गाव दुसरीकडं कसं जातं, हे श्रीधरला पकडायचं होतं. म्हणून स्टुडिओच्या दारातून समोरच्या आपल्याच घराचं रोज सकाळी क्षणभर चित्रण करायचं, असं त्यानं वर्षभर चालवलं. ना कथा, ना नट.

घराच्या ओट्यावर त्याचे वडील पुंडलिकराव खुर्ची टाकून बसत. लकव्यानं त्यांचा एक पाय लुळा पडला होता, आणि सकाळचं ऊन घेतलं तरच त्यात जीव येईल, असं वैद्यांनी बजावलं होतं. श्रीधरला त्या पायाचा घोर होता. रात्री तेल तो स्वतः चोळायचा. त्याच वर्षी त्यानं स्टुडिओवर माडी चढवली. सगळं गाव बदलत असताना आपणच का मागे राहायचं?

पुढच्या दिवाळीत टुरिंग टॉकीजवाल्याचा प्रोजेक्टर मागून आणून त्यानं शेजाऱ्यांना जमवलं. वर्ष मिनिटांत पळू लागलं. शेजारच्या दुकानाची मराठी पाटी जाऊन हिंदी आली. मधल्या खांबापाशी बसलेले पुंडलिकराव भराभर कडेला सरकले, पायरीवर उतरले आणि शेवटी घर सोडून शेजारच्या नत्थूजींच्या ओट्यावर जाऊन बसले. लोक पोट धरून हसले. श्रीधरही हसला.

मग त्याला वडिलांच्या मागची सावली दिसली. ती ओटा गिळत त्यांच्या मागोमाग येत होती. सावलीला नक्षीचा कठडा होता. तो कठडा त्यानंच स्टुडिओच्या माडीला हौसेनं बसवलेला. वर्षभर त्यानं खांब पाहिले, पाट्या पाहिल्या, भिंतीचा रंग पाहिला. लंगडा बाप उन्हासाठी खुर्ची ओढत घराबाहेर गेला, ते मात्र दिसलं नाही.

दिवा लागल्यावर तो वडिलांजवळ जाऊन बसला.

"बाबा, सांगतलं काऊन नाही?"

पुंडलिकराव कोऱ्या पडद्याकडे पाहत होते. त्यांच्या आवाजात राग नव्हता.

"मले वाटलं, तुले माहीत आहे. तू त रोज पाहून राहिला होता."