रुळाच्या तुळईची खोली

सौदीतल्या तबूकबाहेरच्या ज्या शेतावर मी पाण्याची यंत्रणा सांभाळतो, तिथे गव्हाच्या मधोमध दगडमातीची एकच खोली उभी आहे. मालकांच्या वडिलांनी शेळ्यामेंढ्या विकून विहीर खणली आणि शेजारी ही खोली बांधली, तेव्हा इथे ना रस्ता होता ना शेजार. लाकूड मिळेना, म्हणून मोडीत निघालेल्या जुन्या रेल्वेचा एक रूळ उंटामागे फरफटत आणून त्यांनी त्याची तुळई केली. हिवाळ्याच्या तोंडावर एका शुक्रवारी घरातली सगळी माणसं जमतात, आपल्या हातांनी भिंती लिंपतात, आणि मालक नातवंडांना हा इतिहास सांगतात. त्या दिवशी नोकरमाणसाचा हात भिंतीला लागू देत नाहीत.

गेल्या वर्षी माझी मुलगी त्या नातवंडांत जाऊन बसली. परतताना गाडीत तिने मला सगळं हिंदीत ऐकवलं. पहिल्या हिवाळ्यात दाराशी लांडगा आला होता, तेसुद्धा. मालकांना ती त्या मुलांसारखीच ‘जद्दी’ म्हणत होती, म्हणजे आजोबा. मी हं हं करत गाडी चालवत राहिलो. मला मात्र हेवा वाटत होता.

कारण अशी खोली आमचीही होती. गाव धरणात गेलं तेव्हा आईवडिलांना उजाड माळावर जागा मिळाली. बाभळी तोडून त्यांनी कुडाच्या भिंतींचं छप्पर उभं केलं. त्याच छपराखाली अभ्यास करून मी आमच्या घरातला पहिला पदवीधर झालो. ते ऋण मी विसरलेलो नाही. पण मुलीला त्याची गोष्ट सांगा म्हणून वडिलांना व्हिडिओ कॉल लावला, तर ते गोंधळले.

“काय सांगायचं बाळा? गळायचं ते,” म्हणाले, आणि तिच्या परीक्षेची चौकशी करू लागले. मालकांच्या तोंडी लांडगा होता; माझ्या वडिलांकडे नुसती गळती. मला दोघांचाही राग आला.

या वर्षी लिंपायला मालकांनी तिला घरची म्हणून बोलावलं. मी गाडीजवळच थांबलो. तिने लावलेली माती भिंतीवरून सटकत होती. “भुसा कमी पडलाय. आणि भिंत आधी ओली कर,” मला राहवलं नाही. मालकांनी माझ्याकडे पाहिलं आणि “यल्ला, मुहंदिस,” म्हणजे ‘चल, इंजिनिअर’, म्हणत घमेलं माझ्याकडे सरकवलं. इंजिनिअरसाहेबांनी बाह्या सारल्या.

“बाबा, ये आपको किसने सिखाया?”

“तुझ्या आजीनं. आमच्या छपराच्या भिंती आम्हीच लिंपायचो.”

मग ती विचारत सुटली. कूड म्हणजे काय, दार कशाचं होतं, लांडगा यायचा का. कोल्हे यायचे, मी म्हणालो, आणि तुझे आजोबा थाळी वाजवून त्यांना हाकलायचे. ती हसली. पहिल्यांदाच ती आमच्या घराचं काही ऐकत होती.

“इस बार छुट्टी में दिखाओगे?”

ते छप्पर आता नाही. याच शेतावरच्या पगारातून तिथे स्लॅबचं घर झालं आणि वडील त्यात सुखाने राहतात. मी तिला तसं सांगितलं. “अच्छा,” ती म्हणाली, आणि माती घेऊन पुन्हा तिच्या जद्दींच्या शेजारी जाऊन लिंपू लागली.

मी वर पाहिलं. भिंतीतून बाहेर आलेला गंजलेला रूळ जागच्या जागी होता.