खांबाआडचं पाणी

आईला डायलिसिससाठी पालिकेच्या दवाखान्यात नेत असे, तेव्हा एक गृहस्थ दर खेपेला भेटत. धायरीहून बायकोला घेऊन येत. तिला डॉक्टरांनी दिवसाचं पाणी मोजूनच प्यायला सांगितलेलं. म्हणून स्वतःला तहान लागली की हे बाटली शर्टाखाली लपवून खांबाआड जात आणि तोंड पुसून परत येत. तिला ते ठाऊक होतं. ती मुद्दाम दुसरीकडे बघे.

मग डायलिसिसचं टेंडर रद्द झालं आणि जुना ठेकेदार कोर्टात गेला. त्याला काम करू देईनात, नव्याला देता येईना. केंद्राला कुलूप लागलं. आम्हाला परवडत होतं, आम्ही आईला खासगीत हलवलं.

केंद्राच्या शेवटच्या दिवशी मी त्यांना म्हटलं, "कोर्टाने तूर्त 'जैसे थे' ठेवायला सांगितलंय म्हणे."

काचेतून आतलं मशीन बघत ते म्हणाले, "मशीन राहील हो जैसे थे. हिला कोण सांगणार?"

परवा ते बसथांब्यावर दिसले. एकटेच होते. भर गर्दीत उभे राहून सावकाश पाणी पीत होते.

मला पाहिलं आणि त्यांनी चटकन बाटली शर्टाखाली लपवली.