थोरल्या जावेचे उपास

त्या रविवारी भांडुपच्या खोलीत आम्ही पाच जण होतो. मी, माझा नवरा, थोरले दीर, थोरली जाऊ आणि वाचायला माझी मुलगी, सातवीतली. त्यातल्या आता मी नि मुलगी, दोघीच उरलो. माझी शाळा दुसरीपर्यंत, म्हणून मी सांगते नि नात लिहून घेते.

दोघे भाऊ गिरणीत. संप लागला नि घर माझ्या धुण्याभांड्यांवर आलं. मुलुंडला एका बाईंकडे जायची मी. बाई कादंबऱ्या लिहायच्या. सकाळभर जेवणाच्या टेबलावर कागद पसरून बसायच्या, एक पान लिहायच्या नि दोन फाडायच्या. मग स्टूल घेऊन मोरीच्या दारात यायच्या. "सांग गं, काल काय झालं घरी?" मी भांडी घासत सांगायची. माझं ऐकायला कोणी कधी स्टूल घेऊन बसलं नव्हतं. असंच एकदा जावेचं सांगून बसले.

जाऊ सोमवार धरायची, गुरुवार धरायची, शनिवार पण. सगळ्यांना वाढायची नि म्हणायची, माझा उपास आहे. माझा नवरा चिडवायचा, "वयनी, बुधवार कशाला ठेवलास? तो पण देवाला देऊन टाक."

"तुझ्या तोंडाला कुलूप लागू दे, तेवढंच मागते देवाकडे."

सगळे हसायचे. दीर पण हसायचे, नि तिच्या वाटचा भात घ्यायचे.

उपास नव्हताच. पोटाला ओलं फडकं घट्ट बांधून मोरीत बसलेली मी तिला बघितली. "ह्यांना कळता नये. माझी शपथ आहे तुला," म्हणाली. मी मान हलवली.

बाई म्हणाल्या, "ही गोष्ट मला देशील? नावं बदलते मी." नाव बदललं म्हणजे माणूस बदललं, असं मला वाटलं. दिली.

तीनेक वर्षांनी पुस्तक आलं. तोवर गिरणी गेली होती, दीर वॉचमन झाले होते. बाईंनी पुस्तक माझ्या हातात ठेवलं. मला केवढा गर्व! मीच सगळ्यांना बसवलं, पोरीला म्हटलं, मोठ्याने वाच.

गोष्टीत गिरणीवाला आला, त्याची बायको आली. सोमवार, गुरुवार, शनिवार. जाऊ तांदूळ निवडत होती, तिचा हात थांबला. तेव्हाच मी पोरीला गप्प करायला हवं होतं. नाही केलं. ओलं फडकं आलं नि दीर म्हणाले, "पुरे." पुस्तक उचललं नि बाहेर गेले. परत आले ते रिकाम्या हाताने.

त्या दिवसापासून ताटावर बसले की म्हणायचे, "आधी तू खा." तिने घास गिळेपर्यंत बघत राहायचे. तिला तो घास उतरायचा नाही.

मला एकदाच बोलली. "पोट काय, कधीतरी भरलाच असता गो. त्यांची मान खाली गेली, ती आता कोण वर करतलो?"

मग दोघं गावाला गेली. सणाला माझ्याकडे यायची, मी पान वाढलं की जाऊ म्हणायची, "माझा उपास आहे." कुठलाही वार असो. मरेपर्यंत.

बाईंकडचं काम मी सोडलं. त्याही वारल्या. त्यांनी गोष्टीतल्या त्या बायकोचं शेवटी काय केलं, ती जेवली का, मला ठाऊक नाही. निळ्या पुठ्ठ्याचं पुस्तक होतं, नाव आठवत नाही. कोणाकडे असलं तर या, नि शेवटची पानं तेवढी मला वाचून दाखवा.